खोकला नसलेला क्षय



क्षय म्हटला की खोकला आणि खंगलेला देह डोळ्यांपुढे येतो. हे चित्र अपुरे आहे. २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या राष्ट्रीय क्षयरोग सर्वेक्षणात छातीचा एक्स-रे काढला नसता, तर ४२.६ टक्के रुग्ण निसटले असते. केवळ लक्षणे विचारली असती, तर ते निरोगी ठरून घरी परतले असते, आणि त्यांच्याच श्वासातून नातवंडांपर्यंत जंतू पोहोचत राहिले असते.

नारळी-पोफळीच्या वाडीत राबणारा माणूस, काही होत नसताना, मजुरी बुडवून अलिबागला तपासणीस कशाला जाईल? म्हणून हातात धरता येणारे, बॅटरीवर चालणारे एक्स-रे यंत्र महत्त्वाचे. ते गावातच येऊ शकते. डिसेंबर २०२४ मध्ये सुरू झालेल्या शंभर दिवसांच्या मोहिमेत अशी यंत्रे वापरली गेली.

मात्र फिल्मवरचा डाग म्हणजे क्षय नव्हे. जुन्या क्षयाचा व्रण, न्यूमोनिया, क्वचित कर्करोगही तसाच दिसतो. एक्स-रे संशय दाखवतो; पुरावा बेडक्यात सापडतो. गोव्यातील मोलबायो कंपनीच्या ट्रूनॅट यंत्रावर तो काही तासांत मिळतो, आणि जंतू रिफॅम्पिसिन या औषधाला जुमानतो की नाही, हेही कळते. नुसत्या फिल्मवरून सहा महिन्यांची औषधे सुरू करण्याची घाई, म्हणूनच, बरी नव्हे.

याउलट, मुलीचे लग्न ठरत असले की फिल्म कपाटात दडते! घरात कुणाला क्षय झाला असेल, मधुमेह असेल, वय साठीपुढे असेल, तर खोकल्याची वाट न पाहता एक्स-रे काढावा. गर्भवतीने तंत्रज्ञाला आधी तसे सांगावे.