विधवांची यादी

(टाकवे बुद्रुक इथल्या महिला मेळाव्यातलं भाषण. बोलण्याचा बाज तसाच ठेवला आहे.)



सकाळी कान्हे फाट्यावरून येताना शेजारी बसलेल्या आजींनी विचारलं, "आज कशावर बोलणार?" मी म्हटलं, "अठराशे-दोन हजार वर्षांपूर्वीच्या ख्रिस्ती बायकांवर." त्या म्हणाल्या, "त्या गेल्या मरून. आम्ही अजून हाय. आमच्या पगाराचं बोला की." पगार म्हणजे निराधार योजनेचे पैसे. तर आजींच्या पगारापासूनच सुरुवात करते. कारण ख्रिस्ती मंडळीतल्या अगदी सुरुवातीच्या ज्या भांडणाची लेखी नोंद आहे, ते असल्याच पगारावरून झालेलं आहे.

येरुशलेम शहरात येशूच्या अनुयायांची मंडळी जमली होती. विधवांना रोज जेवण वाटलं जाई. तिथे ग्रीक बोलणाऱ्यांनी तक्रार केली, की वाटपात आमच्या विधवांना वगळतात. म्हणजे बाहेरगावच्या, परभाषेच्या बायका रांगेत मागे पडत होत्या. मग वाटपावर देखरेख करायला सात जण निवडले. सातही पुरुष! ज्यांचं ताट रिकामं राहिलं त्यांच्यातली एकही नाही. हे 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकात सहाव्या अध्यायात आहे. काही जणी हसताहेत. तुम्हाला गावातली कुठली कमिटी आठवली ते मी विचारत नाही.

हे सगळं रोमन साम्राज्यातलं. तिथे मुलगी नको असेल तर जन्मल्यावर तिला उघड्यावर टाकून देत. इजिप्तमध्ये इसवी सनपूर्व १ या वर्षातलं एक पत्र सापडलं आहे. कामासाठी परगावी गेलेला नवरा गरोदर बायकोला लिहितो, मुलगा झाला तर ठेव, मुलगी झाली तर टाकून दे. पत्रात बाकी सगळी माया आहे हो, काळजी करू नकोस वगैरे. त्याला यात काही वावगं वाटत नव्हतं, एवढंच. आणि विधवेबद्दल ऑगस्टस बादशहाचा कायदा असा होता, की पन्नाशीच्या आतल्या बाईनं ठरलेल्या मुदतीत पुन्हा लग्न करावं, नाहीतर मृत्युपत्रानं मिळणाऱ्या मालमत्तेवर तिला पाणी सोडावं लागे. आपल्याकडे विधवेला लग्न करू देत नव्हते, तिकडे करायला लावत होते. तिला काय हवंय हे दोन्हीकडे कुणी विचारलं नाही.

अशा जगात ख्रिस्ती मंडळी सांगत होती, की मूल टाकायचं नाही आणि विधवेनं एकटं राहिलं तरी चालेल, आम्ही सांभाळू. बायका तिकडे का वळल्या, याचं बरंचसं उत्तर मला इथे दिसतं. शिवाय सुरुवातीला देवळं नव्हती. प्रार्थना आणि जेवण कुणाच्या तरी घरात. आणि घर म्हटलं की चूल कुणाच्या हातात? फिलिप्पैची लुदिया जांभळ्या रंगाच्या कापडाचा व्यापार करायची, तिच्या घरी मंडळी जमायची. प्रिस्किल्ला नवऱ्याबरोबर तंबू शिवायची, तीही शिकवायची. फिबी नावाची बाई किंख्रिया बंदरातल्या मंडळीची 'दियाकोनोस' होती. हाच ग्रीक शब्द पुरुषाला लावला की भाषांतरात तो 'सेवक', 'डीकन', अधिकारी होतो. फिबीला लावला की पुष्कळदा नुसती 'सेविका' उरते. युनिया नावाच्या बाईला तर काही भाषांतरकारांनी पुरुषच करून टाकलं!

आता यादीकडे येते. तीमथ्याला लिहिलेल्या पहिल्या पत्रात विधवांची नावं नोंदवण्याचे नियम आहेत. वय साठच्या खाली नको. एकाच नवऱ्याची बायको असावी. मुलं वाढवलेली, पाहुण्यांचं आगतस्वागत केलेलं असावं. मुलं-नातवंडं असतील तर त्यांनी सांभाळावं, मंडळीवर भार नको. तरुण विधवांची नावं घेऊ नयेत. त्या घरोघर फिरतात, नसत्या चौकशा करतात, त्यांनी लग्न करावं. ऐकताना ओळखीचं वाटतंय ना? वयाचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, मुलगा मोठा झाला की फाइल परत.

मी याला नुसती नावं ठेवत नाही. साधारण २५१ साली रोमच्या बिशपानं लिहिलेल्या पत्रात हिशेब आहे, की तिथली मंडळी पंधराशेहून अधिक विधवा आणि गरजू माणसांना पोसते. सरकारी छळाच्या काळात हे करणं सोपं नव्हतं. पण जसजशी रक्कम वाढली, तसतसा वाटणारा मोठा होत गेला. तिसऱ्या शतकातल्या सीरियातल्या एका नियमग्रंथात विधवेला बजावलंय, की तू देवाची वेदी आहेस, आणि वेदी जागची हलत नाही. घरात बस, प्रार्थना कर, शिकवू नकोस. बाईला देवी म्हटलं की मी आधी दाराकडे बघते, कडी बाहेरून लावलीय का म्हणून. आणि श्रीमंत विधवा? ३७० साली बादशहाला कायदा करावा लागला, की धर्मगुरूंनी विधवांच्या घरी जाऊन त्यांची मालमत्ता स्वतःच्या नावावर करून घेऊ नये.

हे मी पंडिता रमाबाईंच्या मागे लागून वाचायला लागले. त्यांनी १८८३ मध्ये इंग्लंडमध्ये बाप्तिस्मा घेतला. तिथे पुरुषांना शिकवण्याची गोष्ट निघाली, तर हिंदुस्थानातल्या बिशपांनी हरकत घेतली. रमाबाईंनी ती निमूट ऐकून घेतली नाही. १८८९ मध्ये त्यांनी मुंबईत शारदासदन काढलं, पुढे ते पुण्याला आणलं. १८९६-९७ च्या दुष्काळात मध्य प्रांतातून सुमारे तीनशे मुली-बायका आणल्या आणि दौंडजवळ केडगावला मुक्तिसदन उभं केलं. तिथे विधवांना नुसतं ताट वाढलं नाही; शेती, विणकाम, छापखाना त्यांच्या हातात दिला. हिब्रू आणि ग्रीक शिकून बाईंनी बायबलचं सोप्या मराठीत भाषांतर केलं, आणि ते छापलं केडगावच्याच बायकांनी. १९२२ मध्ये त्या वारल्या, १९२४ मध्ये पूर्ण ग्रंथ बाहेर आला. पुरुषांनी ज्याचे अर्थ लावले तो मजकूर मुळातून वाचायचा, एवढी त्यांची जिद्द.

आणि मावळात त्या शतकांत काय होतं? तुम्ही शिवरात्रीला घोरावडेश्वराच्या डोंगरावर जाता ना? तिथल्या लेण्यात ब्राह्मी लेख आहे. धेनुकाकट गावच्या नांगरधारी कुणब्याची बायको, नाव सियगुतणिका, तिनं मुलाबरोबर ते लेणं दान केलं. बेडशाला पाण्याच्या टाक्याजवळ सामडिनिका या महारठिणीचा लेख आहे. एक शेतकऱ्याची बायको, एक सरदाराची. दोघींची नावं दगडात आहेत. मग तुमचं सातबाऱ्यावर का नाही?

२०२२ साली कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीनं बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं बंद करण्याचा ठराव केला. चांगलं झालं. पण कुंकू राहिलं आणि वारसनोंद राहून गेली, असं व्हायला नको. मागच्या टेबलावर आपल्या दोन मुली बसल्या आहेत. नवऱ्याच्या मृत्यूचा दाखला, रेशनकार्ड आणि सातबाऱ्याचा उतारा ज्यांनी आणलाय त्यांनी आधी जा. आणि आजी, तुमचा पगार कुठल्या महिन्यापासून थांबलाय तेही सांगा, लिहून घेतात.