हवा शुद्ध करणाऱ्या यंत्राची पारख



व्याख्यानमालेच्या व्यासपीठावर साहित्य, इतिहास आणि तत्त्वज्ञान यांचा मान पहिला. आम्ही मात्र आज आपल्यापुढे एका घरगुती यंत्राचा विषय घेऊन उभे आहोत. एअर प्युरिफायर, म्हणजे हवा शुद्ध करणारे यंत्र, कसे निवडावे, एवढाच तो विषय. वरवर पाहता ही दुकानदाराशी बोलावयाची गोष्ट आहे. परंतु मनुष्य दिवसाकाठी दोनतीन वेळा जेवतो, आठदहा वेळा पाणी पितो आणि श्वास मात्र हजारो वेळा घेतो. जी वस्तू आपण सर्वांत अधिक सेवन करतो, तिच्याविषयी दोन घटका विचार करणे गैर ठरू नये.

आमच्या आजीच्या पिढीने पाणी दुहेरी फडक्यातून गाळून घेतले. पुढे तुरटी आली, उकळणे आले आणि आता भिंतीवर यंत्रे आली. हवेचेही तेच होऊ पाहत आहे. फरक एवढाच की, पाणी हंड्यात झाकून ठेवता येते. हवा झाकून ठेवता येत नाही. आज आम्ही जे काही सांगणार आहोत, त्याचे मूळ या एका फरकात आहे.

प्रथम शत्रू कोण, ते पाहू. हवेतील सर्वांत घातक घटकांपैकी एक म्हणजे अडीच मायक्रॉनहून लहान असे कण. आपल्या डोक्यावरील केसाची जाडी साधारण पन्नास ते सत्तर मायक्रॉन असते. म्हणजे असे वीसपंचवीस कण केसाच्या जाडीत शेजारी शेजारी बसतील. नाकातील केसांना ते जुमानत नाहीत. फुप्फुसाच्या तळापर्यंत जातात, आणि त्यांतील अतिसूक्ष्म कण रक्तातही उतरतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ साली या कणांची वार्षिक सरासरी मर्यादा घनमीटरला ५ मायक्रोग्रॅम ठरविली. आपल्या देशाने २००९ साली ठरविलेले मानक ४० मायक्रोग्रॅमचे आहे. या दोन आकड्यांमधील अंतरच प्रश्नाचे गांभीर्य सांगण्यास पुरेसे आहे.

आता कोणी म्हणेल, मग लगेच दुकानात जाऊ या. आम्ही म्हणतो, थोडे थांबा. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी, अशी स्थिती पुष्कळ घरांत असते. एका कोपऱ्यात डासांची कॉइल जळत असते आणि दुसऱ्या कोपऱ्यात यंत्र तोच धूर गाळीत बसते. २००३ साली प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात असे आढळले की, एका कॉइलच्या ज्वलनातून ७५ ते १३७ सिगारेटींइतके सूक्ष्म कण बाहेर पडतात. जो गृहस्थ मुलांसमोर एक सिगारेट ओढावयास संकोचतो, तोच रात्रभर मुलांच्या उशाशी कॉइल लावून निजतो! मच्छरदाणीला वीज लागत नाही आणि तिचा फिल्टरही बदलावा लागत नाही. तीच गोष्ट बंद खोलीतील धूपाची, मिरचीच्या फोडणीची आणि कोरड्या केरसुणीची. धूप घालावयाचा तर खिडकी उघडी ठेवावी, स्वयंपाकघरातील धूर बाहेर टाकणारा पंखा आधी लावावा, आणि केर काढल्यावर ओल्या फडक्याने फरशी पुसावी. हे उपाय स्वस्त आहेत. त्यांची जाहिरात करून कोणाचा फायदा होत नाही, म्हणून ते आपल्या कानी पडत नाहीत, इतकेच.

झाडांविषयीही एक शब्द. कुंडीतली झाडे घरातील हवा शुद्ध करतात, असे आपण वारंवार ऐकतो. या समजाचा उगम अमेरिकेतील नासा या संस्थेच्या १९८९ सालच्या प्रयोगांत आहे. ते प्रयोग लहानशा बंद पेटीत झाले होते. २०१९ साली अशा अनेक प्रयोगांचा एकत्र फेरविचार झाला, तेव्हा निष्पन्न झाले की, काही वायू काढून टाकण्याचे जे काम घरात सहज खेळणारी हवा करते, त्याची बरोबरी करावयाची तर प्रत्येक चौरस मीटर जागेत १० पासून १,००० पर्यंत झाडे लावावी लागतील. झाडे अवश्य लावावीत. ती डोळ्यांना आणि मनाला हवीतच. परंतु तुळशीवृंदावनाकडून यंत्राच्या कामाची अपेक्षा करू नये.

इतके करूनही ज्यांचे घर रहदारीच्या रस्त्यावर आहे, शेजारी बांधकाम चालू आहे, किंवा घरात दम्याचा रुग्ण, वृद्ध वा तान्हे मूल आहे, त्यांना यंत्राचा विचार करावा लागेल. तो करताना चार कसोट्या ध्यानात ठेवाव्यात.

पहिली कसोटी गाळणीची. या यंत्रात एक पंखा असतो आणि एक गाळणी असते. बाकी सारा थाट. चांगल्या गाळणीस हेपा म्हणतात. १९४० च्या दशकात अमेरिकेत अणुबॉम्बच्या कामात किरणोत्सारी कण अडविण्यासाठी ती प्रथम तयार झाली. ०.३ मायक्रॉन आकाराच्या दहा हजार कणांपैकी फार तर तीन कण तिच्यातून सुटतात. हाच आकार का निवडला? कारण मोठे कण धाग्यांवर आदळून अडकतात, फार लहान कण वेडेवाकडे भरकटत धाग्यांना चिकटतात; मधल्या आकाराचे कण तेवढे निसटू पाहतात. जी गाळणी त्यांना अडवील, ती इतरांना अडवीलच. मात्र डब्यावर ‘हेपासारखी’ किंवा ‘हेपा प्रकारची’ असे शब्द दिसले, तर सावध व्हावे. सोन्यासारखे म्हणजे सोने नव्हे.

दुसरी कसोटी शुद्ध हवेच्या मापाची. गाळणी कितीही बारीक असली, तरी तिच्यातून हवाच थोडी जात असेल तर उपयोग काय? यासाठी सीएडीआर नावाचे माप आहे. यंत्र दर मिनिटाला किती घनफूट शुद्ध हवा देते, ते या मापावरून कळते. हिशेब अगदी सोपा आहे. खोलीची लांबी, रुंदी आणि उंची फुटांत घेऊन गुणाकार करावा आणि त्याला बाराने भागावे. दहा फूट रुंद, बारा फूट लांब, दहा फूट उंच खोलीचे १,२०० घनफूट झाले. बाराने भागून १०० आले. म्हणजे दर मिनिटाला १०० घनफुटांचे यंत्र त्या खोलीतील हवा तासाला पाच वेळा गाळील. डब्यावर तासाला घनमीटर असे माप असेल, तर आपल्या आकड्याला १.७ ने गुणावे. येथे १७० येतात. एवढा हिशेब कागदावर मांडून दुकानात गेले की, विक्रेत्याचे निम्मे वक्तृत्व आपोआप आटोपते.

तिसरी कसोटी विजेची, आणि पर्यावरणाच्या दृष्टीने हीच मुख्य. सीएडीआरला वॉटने भागले, म्हणजे एक वॉट विजेत यंत्र किती काम करते ते समजते. अमेरिकेने २०२४ सालापासून या गुणोत्तराची किमान मर्यादा कायद्याने घातली. १०० ते १५० घनफुटांच्या यंत्रासाठी ती वॉटमागे सुमारे १.९ होती. आपण आपल्यापुरती दोनाची रेघ आखावी आणि तिच्या खालचे यंत्र परत ठेवावे. तीन किंवा चार मिळाले तर उत्तम.

या रेघेचा अर्थ काय, ते पाहा. १०० घनफुटांची दोन यंत्रे आहेत. एकाला ५० वॉट लागतात, दुसऱ्याला २५. पहिले यंत्र वर्षभर रात्रंदिवस पूर्ण वेगाने चालविले, तर ४३८ युनिट वीज खाईल. दुसरे यंत्र हिवाळ्याच्या चार महिन्यांत रोज दहा तास चालविले, तर ३० युनिटांत भागेल. आणि महाराष्ट्रात मुख्य गरज त्या चार महिन्यांचीच असते. थंडीत जमिनीलगतची गार हवा वर चढत नाही. तिच्यातला धूर आणि धूळ आपल्याच डोक्यावर झाकणासारखी राहते. पावसाळ्यात पर्जन्य ती धुऊन काढतो. बाहेर श्रावणसरी कोसळत असताना खिडक्या लावून यंत्र चालविणे म्हणजे नदीकाठी बसून बाटलीतले पाणी विकत घेणे होय.

आणखी एक युक्ती आहे. डब्यावरचा सीएडीआर पूर्ण वेगाचा असतो आणि पूर्ण वेगात यंत्र इतका आवाज करते की, झोप येत नाही. मग माणूस वेग कमी करतो आणि हवाही कमी गाळली जाते. म्हणून गरजेपेक्षा थोडे मोठे यंत्र घेऊन ते मध्यम वेगावर चालवावे. पंख्याचा वेग थोडा उतरला की, वीज त्याच्या कितीतरी पट उतरते. शास्त्राचा नियमच तसा आहे. आवाज कमी, वीज कमी आणि काम तेवढेच.

चौथी कसोटी कचऱ्याची आणि खर्चाची. हेपा गाळणी काचेच्या किंवा प्लास्टिकच्या धाग्यांची असते. ती बहुधा धुता येत नाही, आणि सहा महिन्यांनी ते वर्षाने बदलावी लागते. म्हणून यंत्राच्या किमतीआधी गाळणीची किंमत विचारावी; नाहीतर चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला, असा प्रकार व्हावयाचा. पुढची जाळी धुता येण्याजोगी असावी व ती पंधरा दिवसांनी धुवावी. त्याने आतील गाळणीचे आयुष्य वाढते. गाळणी पाच वर्षांनीही बाजारात मिळेल काय, हेही विचारावे. ती न मिळाल्यास धडधाकट यंत्र ई-कचऱ्यात जाते, आणि त्यासारखा अपव्यय दुसरा नाही.

दोन गोष्टी मात्र निक्षून सांगतो. काही यंत्रे आयन किंवा ओझोन सोडून हवा ‘ताजी’ करतात, असा बोलबाला असतो. ओझोन आकाशात उंचावर आपला रक्षक आहे. खोलीत तो फुप्फुसांना जाळणारा वायू आहे. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने अशा यंत्रांच्या ओझोनवर कायदेशीर मर्यादा घातली आहे. असे यंत्र घेऊच नये. दुसरी गोष्ट वायूंची. हेपा गाळणी कण अडविते, वायू अडवीत नाही. वास व काही वायू शोषण्यासाठी कोळशाची गाळणी लागते. चांगला कोळसा आपल्या कोकणातल्यासारख्या नारळाच्या करवंटीपासूनही होतो. परंतु तो भरपूर असावा लागतो. काळ्या रंगाची पातळ चकती ही केवळ शोभा होय. आणि बंद न्हाणीघरातील गॅस गीझरमुळे जो कार्बन मोनॉक्साइड साचतो, त्याला यांपैकी कोणतीच गाळणी अडवीत नाही. तेथे उघडा झरोका हाच प्राणरक्षक.

ज्यांना हे सारे महाग वाटते, त्यांच्यासाठी एक दाखला. २०२० साली अमेरिकेतील रिचर्ड कॉर्सी आणि जिम रोझेंथल यांनी एक साधा चौकोनी पंखा आणि बाजारात मिळणाऱ्या गाळण्या चिकटपट्टीने जोडून एक खोके उभे केले. त्या गाळण्या हेपाइतक्या बारीक नव्हत्या, पण त्यांतून हवा पुष्कळ जात होती. म्हणून एकंदर काम महागड्या यंत्रांच्या तोडीचे झाले. गाळणीच्या नावापेक्षा गाळलेल्या हवेचे माप मोठे, हाच त्याचा बोध.

श्रोतेहो, आता अखेरचा आणि आमच्या मते सर्वांत महत्त्वाचा मुद्दा. यंत्राला लागणारी वीज येते कोठून? आपल्या राज्यातील पुष्कळशी वीज आजही कोळशातून निघते. एकट्या चंद्रपूरच्या औष्णिक केंद्राची क्षमता २,९२० मेगावॉट आहे. देशातील विजेचा सरासरी हिशेब केला, तर एका युनिटमागे सुमारे सातशे ग्रॅम कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. त्या हिशेबाने ४३८ युनिटांचे तीनशे किलो होतात आणि ३० युनिटांचे एकवीस. शिवाय त्या कोळशाची राख आणि धूर आपल्या दिवाणखान्यात येत नाही. तो तेथल्या माणसाच्या अंगणात उतरतो. म्हणजे आपल्या खोलीतली धूळ आपण नाहीशी करीत नाही. तिच्यातला काही भाग दुसऱ्याच्या दारात लोटतो. म्हणूनच काटकसरीचे यंत्र निवडणे हा केवळ बिलाचा प्रश्न नाही, तो शेजारधर्माचा प्रश्न आहे.

आणि शेजारधर्म चंद्रपुरापासूनच सुरू होतो असे नाही. ज्या झाडूवाल्या बाई पहाटे आपला रस्ता झाडतात, जो वाहतूक पोलीस चौकात उभा असतो, जो विक्रेता हातगाडी लावतो, त्यांच्यासाठी कोणते यंत्र आहे? त्यांची खोली म्हणजे सारे शहर. ती शुद्ध करणारे यंत्र एकच : जागरूक नागरिकांची नगरपालिका. २०१९ साली केंद्र सरकारने राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रम सुरू केला, त्यात मुंबई, पुणे, नागपूर, नाशिक, सोलापूर, कोल्हापूर आणि चंद्रपूर या आपल्या शहरांचा समावेश झाला. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसम विज्ञान संस्थेने उभारलेली ‘सफर’ ही हवा मोजणारी यंत्रणा २०१३ साली पुण्यात आणि २०१५ साली मुंबईत सुरू झाली. उघड्यावर कचरा जाळण्यास २०१६ च्या नियमांनीच मनाई केली. योजना आहेत, मोजमाप आहे, नियम आहेत. उणीव आहे ती विचारणाऱ्या माणसांची. आपल्या प्रभागात हवेसाठी आलेला पैसा कशावर खर्च झाला, कोपऱ्यावरचा कचरा कोण जाळतो, बांधकामावर पडदे का नाहीत, हे प्रश्न आपण विचारावयाचे आहेत.

तात्पर्य, आधी घरातला धूर थांबवा. मग गरज असेल त्या एका खोलीसाठी, गरज असेल तेवढेच महिने, कमी विजेत पुरेशी हवा गाळणारे यंत्र घ्या. आणि त्याने वाचविलेल्या पैशातून व वेळातून एक अर्ज नगरपालिकेला लिहा. यंत्र आपली खोली सांभाळील. खिडकीबाहेरची हवा आपणच सांभाळावयाची आहे.