पडण्याची विद्या : याकिमा कॅनट

चित्रपटगृहांतून बाहेर पडणारा प्रेक्षक नायकाचें नांव ओठांवर घेऊन घरीं जातो. नायकाच्या हातून मार खाणाऱ्या दुष्टाचें नांव त्याला क्वचितच आठवतें. अमेरिकेंतील जुन्या 'वेस्टर्न' चित्रपटांत असा मार खाण्यांत ज्यानें उमेदीचीं वर्षें घालविलीं, त्या याकिमा कॅनटची कारकीर्द मात्र ध्यानांत ठेवण्यासारखी आहे.

कॅनटचा जन्म १८९५ सालीं वॉशिंग्टन राज्यांत झाला. त्याचें मूळ नांव ईनॉस. 'याकिमा' हें गांवाचें नांव त्याला चिकटलें तें एका वृत्तपत्राच्या चुकीमुळें. उधळणाऱ्या घोड्यांवर मांड टिकविण्याच्या 'रोडिओ' स्पर्धा जिंकून तो हॉलिवुडला गेला. मूकपटांच्या काळांत तो चक्क नायक होता. १९२६ चा 'द डेव्हिल हॉर्स' हा त्यांपैकींच एक. परंतु पहिल्या महायुद्धाच्या वेळीं आरमारांत असतांना झालेल्या आजारानें त्याचा आवाज बिघडला होता. मूकपटांत हें व्यंग झांकून गेलें. चित्रपट बोलूं लागले, तेव्हां त्यानेंच त्याचें नायकपद हिरावून घेतलें.

दुसरा एखादा येथेंच खचला असता. कॅनटनें मोजकीं वाक्यें असलेल्या खलनायकांच्या भूमिका पत्करल्या आणि नायकांच्या ऐवजीं घोड्यावरून पडण्याचें कामहि अंगावर घेतलें. जॉन वेनच्या आरंभींच्या स्वस्त चित्रपटांत कधीं कधीं तर मौज अशी होई, कीं पळणारा दुष्टहि कॅनट आणि पाठलाग करणारा नायकहि कॅनटच! मूठ गालाजवळून निसटती न्यावयाची आणि कॅमेरा अशा कोनांत ठेवावयाचा, कीं ठोसा बसला असेंच पाहणाराला वाटावें, ही युक्ति या दोघांनीं येथेंच घोटून तयार केली.

१९३९ सालच्या जॉन फोर्डच्या 'स्टेजकोच' चित्रपटांत त्याचें धाडस कळसास पोहोंचलें. भरधांव गाडीच्या पुढच्या घोड्यांवर एक अपाची योद्धा झेप घेतो, गोळी लागतांच घोड्यांच्या मधोमध पडून फरफटत जातो आणि शेवटीं सबंध गाडी त्याच्यावरून निघून जाते. तो योद्धा म्हणजे कॅनट. घोडे हळू धांवले तर इकडेतिकडे सरकतात, वेगांत असले तर सरळ रेषेंत धांवतात. म्हणून वेग अधिक असावा, असा त्याचाच आग्रह होता. पाहणाराला जें मरणाशीं खेळणें वाटलें, त्याच्या मुळाशीं असा हिशेब होता.

हिशेब चुकला नाहीं तरी दैव चुके. १९४० सालीं एका चित्रीकरणांत घोडा अंगावर कोसळून तो गंभीर जखमी झाला. घोड्यांचें दुःख तर याहून मोठें. त्यांना तारेनें अडकवून पाडण्याची रीत त्या काळीं सर्रास चाले. कॅनटनेंहि ती वापरली. तींत अनेक मुकीं जनावरें जायबंदी झालीं आणि लोकक्षोभामुळें ती पुढें बंद पडली. स्वारांसाठीं मात्र त्यानें एका बाजूनें उघडी असलेली रिकीब तयार केली. घोडा कोसळला तरी पाय तींत अडकत नसे.

पुढें पडणें सोडून तो इतरांना पडावयास शिकवूं लागला. १९५९ च्या 'बेन-हर' मधील रथांची सुप्रसिद्ध शर्यत त्याच्याच देखरेखीखालीं चित्रित झाली आणि तींत त्याचा मुलगा जो यानें नायकाऐवजीं रथ हांकला. १९६७ सालीं कॅनटला सन्मान्य ऑस्कर मिळालें, तें केवळ साहसाबद्दल नव्हे, तर साहस करणारांचे जीव वांचविणाऱ्या साधनांबद्दलहि. १९८६ सालीं तो निवर्तला, तेव्हां त्याचें वय नव्वद वर्षांचें होतें. आयुष्यभर पडत राहिलेल्या या माणसाचें हें दीर्घायुष्य हेंच त्याच्या विद्येचें खरें प्रशस्तिपत्र होय.