दूरदेशीचे व्यापारी आणि घरची माणसे
(वर्धापनदिनी केलेले भाषण)



आपल्या मसाल्यातली काळी मिरी नऊशे वर्षांपूर्वी यहुदी व्यापारी मलबारहून एडनमार्गे मिसर देशात नेत. देवाचे नाव असलेला कागद टाकून द्यायचा नाही, अशी त्यांची रीत. म्हणून कैरोच्या फुस्तात भागातील प्रार्थनामंदिराच्या कोठडीत त्यांची जुनी पत्रे व हिशेब साठत गेले. १८९६-९७ साली शेख्तर नावाच्या पंडितांनी त्यांतले पुष्कळसे केंब्रिजला नेले.

त्यांत ११७० च्या सुमाराचे डेव्हिड नावाच्या व्यापाऱ्याचे पत्र आहे. वडीलभाऊ मोशे मायमोनिडीज हे थोर धर्मपंडित. डेव्हिडने कमवावे आणि मोशेंनी निश्चिंतपणे अध्ययन करावे, असा घरचा क्रम. डेव्हिड वाळवंट तुडवून तांबड्या समुद्रावरच्या ऐधाब बंदरी पोचला. तिथे निळीशिवाय काही मिळेना, म्हणून तो हिंदुस्थानास निघाला. निघताना त्याने भावाला कळवले, की माझ्या बायकोला धीर द्या, तिला घाबरवू नका.

पुढे तो हिंदी महासागरात बुडाला. त्याच्याबरोबर त्याचे, भावाचे व इतरांचेही पैसे गेले. मोशेंनी दुःखाने वर्षभर अंथरूण धरले. पदरी भावाची विधवा आणि तिची लहान मुलगी. शेवटी वैद्यकी करून त्यांनी संसार सावरला.

भगिनींनो, मिरीचा नफातोटा वहीत मांडता येतो. वाट पाहणारीच्या काळजीचा हिशेब कुठे मांडणार? तो अशा एखाद्या पत्रातच उरतो. तेव्हा दूर गेलेल्या माणसाची चिठ्ठी घरात असेल, तर ती रद्दीत घालू नका, एवढेच माझे सांगणे.