सुब्रत मित्र यांचे आभाळ
(स्नेहमेळाव्यातील भाषण)



'मला भावलेली व्यक्ती' या विषयावर थोडक्यात बोलायचे आहे. मी सॉफ्टवेअरमधली, पण आज बोलणार आहे एका बंगाली कॅमेरामनविषयी.

सुब्रत मित्र यांचा जन्म १९३० चा. ज्याँ रन्वार 'द रिव्हर'च्या शूटिंगसाठी बंगालमध्ये आले, तेव्हा मित्र काम मागायला गेले. काम मिळाले नाही, नुसते बघायची परवानगी मिळाली. दिवे कुठे लावले, कॅमेरा कसा फिरला, हे ते वहीत आकृत्या काढून टिपून ठेवत. पुढे प्रकाश जुळवताना खुद्द छायाचित्रकार क्लोद रन्वार यांनी या मुलाला विचारले!

१९५२ मध्ये सत्यजित राय यांनी 'पथेर पांचाली'चा कॅमेरा त्यांच्या हाती दिला. त्याआधी त्यांनी मूव्ही कॅमेरा चालवलाही नव्हता.

'अपराजितो'त (१९५६) काशीच्या घराचा चौक हवा होता. तो उघड्यावर उभारायचे ठरले होते. पण पावसाच्या धास्तीने कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी सेट कलकत्त्याच्या स्टुडिओत घेतला. मित्र यांनी राय आणि बन्सी या दोघांशीही वाद घातला. चौकात वरून झिरपणाऱ्या उजेडाला ठळक सावली नसते आणि स्टुडिओतला प्रत्येक दिवा आपली वेगळी सावली पाडतो. तो उजेड इथे आणणार कसा? त्यांचे कोणी ऐकले नाही. मग त्यांनी सेटवर पांढरे कापड ताणून बांधले आणि दिवे खालून त्यावर सोडले. कापडावरून परतलेला मऊ उजेड चौकात उतरला. हे 'बाउन्स लायटिंग' पुढे त्यांचे मुख्य साधन झाले.

'हे शक्य नाही' हे वाक्य आमच्या धंद्यात रोज ऐकू येते. ते कारणांसह स्पष्ट बोलणे ही निम्मी जबाबदारी. निर्णय विरुद्ध गेला की आपल्यापैकी बरेच जण हात झटकतात, 'मी आधीच सांगितलं होतं' म्हणायची वाट बघतात. मित्र यांनी वादात मांडलेली अडचण स्वतःच सोडवली. आता आपण पंचेचाळिशीच्या पुढचे. 'शक्य नाही' म्हणणारी तरुण मुले आपल्यासमोर बसतात. त्यांचे ऐकून घेणे हेही आपलेच काम.

राय यांच्याबरोबरचा त्यांचा शेवटचा चित्रपट 'नायक' (१९६६). त्यानंतर त्यांच्या वाट्याला मोजकेच चित्रपट आले. 'न्यू दिल्ली टाइम्स'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो ऐंशीच्या दशकात. १९९७ पासून २००१ मध्ये जाईपर्यंत ते कोलकात्याच्या सत्यजित राय फिल्म संस्थेत शिकवत होते. नुसते बघायची परवानगी मिळालेला मुलगा अखेरीस शिक्षक झाला, हे इथे बसलेल्या सरांना आणि बाईंना मुद्दाम सांगावेसे वाटले.