माजघराची किल्ली

गावोगावच्या शाळांतून आता संगणक आले आहेत. मार्च-एप्रिलच्या उन्हात, पत्र्याच्या वर्गात, त्या यंत्राचा पंखा घरघरू लागला की मनात येतेच, आत किती तापले असेल बरं? मग कोणीतरी तापमान दाखवणारा एखादा प्रोग्राम आणून बसवतो. पडद्यावर आकडा दिसतो आणि जीव भांड्यात पडतो. पण हा आकडा येतो कुठून, आणि त्यासाठी आपण कोणाला घरात घेतो, हे समजून घेतलेले बरे.

संगणकाचा सारा हिशेब करणारी चिप म्हणजे प्रोसेसर. उष्णता मोजण्याची सोय तिच्यातच असते. गंमत अशी, की इंटेलच्या प्रोसेसरमधली ही सोय सरळ तापमान सांगत नाही. कमाल मर्यादेच्या आपण किती अंश खाली आहोत, एवढेच सांगते. मर्यादा १०० अंशांची असली आणि आतून ३५ हा आकडा आला, तर प्रोग्राम वजाबाकी करून आपल्याला ६५ दाखवतो.

हे काम प्रत्येक प्रोग्राम नव्याने करीत बसत नाही. त्यासाठी तयार फाइल असते, तिला लायब्ररी म्हणतात. विंडोजमध्ये अशा फाइलच्या नावाअखेर बहुधा डीएलएल ही तीन अक्षरे असतात. सामाईक विहिरीसारखेच हे. खणायची एकदा, पाणी भरायचे दहा घरांनी.

परंतु प्रोसेसरमधला तो आकडा ओसरीवर ठेवलेला नसतो. जुन्या वाड्यात जशी ओसरी आणि माजघर, तशी संगणकातही बाहेरची आणि आतली जागा असते. आपले रोजचे प्रोग्राम ओसरीवर वावरतात. माजघरात त्यांना मज्जाव. म्हणून या लायब्ररीबरोबर ड्रायव्हर नावाची दुसरी फाइल येते. माजघराची किल्ली तिच्याजवळ असते.

जपायचे ते इथेच. विनरिंग झिरो नावाची अशी एक लायब्ररी पुष्कळ प्रोग्रामांनी वापरली. तिच्या ड्रायव्हरमधला दोष २०२० साली जाहीर झाला. कोणताही साधा प्रोग्राम त्याच्या आडून संगणकाच्या स्मृतीत वाटेल ते वाचू शके, लिहू शके. किल्ली होती खरी, पण दाराबाहेर खुंटीला टांगलेली! मार्च २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टचा डिफेंडर हा राखणदार या फाइलला अडवू लागला, तेव्हा तापमान आणि पंखे सांभाळणारे कितीतरी भले प्रोग्राम अडचणीत आले. त्यांच्या कर्त्यांचा हेतू वाईट नव्हता. पण विहीर एक, म्हणून बाधा सगळ्यांना.

शिक्षक बंधुभगिनींनो, तुमच्या संगणकात मुलांचे दाखले असतात, गुण असतात. तेव्हा तीन गोष्टी ध्यानात ठेवा. ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असा संदेश आला, तर ती एकटी फाइल कुठल्याही अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेऊ नका. मूळ प्रोग्रामच त्याच्या कर्त्याकडून पुन्हा घ्या. दुसरे, फाइलवर कर्त्याची डिजिटल सही आहे का ते पाहा. मात्र सही फाइल कोणाची ते सांगते, ती निर्दोष आहे असे नाही. तिसरे, राखणदाराने हटकले म्हणून राखणदारालाच झोपवू नका. त्याने का हटकले, ते आधी पाहा.

आणि आकडा दिसलाच नाही, तर यंत्र जळेल का? नाही. प्रोसेसर फार तापला तर तो स्वतःच वेग कमी करतो, आणि तेवढ्याने भागले नाही तर यंत्र बंद होते. ही राखण चिपमध्येच आहे. तिला बाहेरची फाइल लागत नाही. आपण काय करायचे? यंत्र बंद करून पंख्यावरची धूळ झाडायची, आणि वारा यायला भिंतीपासून वीतभर जागा सोडायची. एवढ्याने पुष्कळ काम होते, आणि त्यासाठी माजघराची किल्ली कोणाच्या हाती द्यावी लागत नाही.