अक्षरांचे कूळ आणि मूळ



वज्रेश्वरीला आपल्यापैकी पुष्कळजण जाऊन आले असतील. कोणी देवीच्या दर्शनाला, कोणी अकलोली-गणेशपुरीच्या गरम पाण्याच्या कुंडांत सांधे शेकायला. पण आजचे भाषण देवीवर नाही आणि कुंडांवरही नाही. देवळात शिरताना आपण पाटीवरची अक्षरे वाचतो, ती अक्षरे आली कुठून, एवढाच आजचा विषय आहे. त्यासाठी मी वज्रेश्वरी निवडली, याचे कारण असे की, या एका गावाच्या आसपास अक्षरांच्या इतिहासाचे जवळजवळ सगळे मुख्य टप्पे दगडांवर, तांब्यावर आणि कागदावर सापडतात. ते शोधायला फार लांब जावे लागत नाही. फक्त आरंभाला एकदा लांब जाऊन येऊ.

हा आरंभ इजिप्तजवळच्या सिनाईच्या वाळवंटातला. तिथे पिरोजा रत्नाच्या खाणी होत्या आणि सुमारे पावणेचार-चार हजार वर्षांपूर्वी परमुलखातून आलेले लोक तिथे राबत होते. इजिप्तची लिपी चित्रांची होती. तिच्यात शेकडो चिन्हे होती आणि ती शिकण्यात माणसाचे निम्मे आयुष्य जायचे. खाणीतल्या त्या सेमिटिक भाषा बोलणाऱ्या लोकांपैकी कोणाच्या तरी डोक्यात एक साधी युक्ती आली. चित्र काढायचे, पण ते त्या वस्तूसाठी नव्हे, तर तिच्या नावातल्या पहिल्या आवाजासाठी. त्यांच्या भाषेत बैलाला 'आलेफ' म्हणत, म्हणून बैलाचे डोके म्हणजे पहिला आवाज. घराला 'बेथ', म्हणून घराचे चित्र म्हणजे 'ब'. आपल्या बिगारीतल्या मुलाला आपण 'क कमळाचा' असे शिकवतो ना, तीच ही युक्ती. फरक इतकाच की, आपण अक्षर आधी घेऊन कमळ नंतर आणतो आणि त्यांनी कमळाचेच अक्षर केले. शेकड्यांनी असलेली चिन्हे एकदम पंचवीस-तीसांवर आली.

शिक्षक मंडळींनी हा प्रयोग वर्गात अवश्य करावा. फळ्यावर इंग्रजी मोठा ए काढा आणि तो उलटा करा. वर दोन शिंगे, खाली निमुळते तोंड. बैल! फिनिशियन व्यापाऱ्यांनी ही अक्षरे समुद्रापार नेली. ग्रीकांनी ती घेतली, त्यांना 'अल्फा', 'बीटा' म्हटले आणि स्वरांसाठी स्वतंत्र चिन्हे ठरवली. ग्रीकांकडून ती इटलीत गेली आणि तिथे रोमन झाली. 'अल्फाबेट' या भारदस्त शब्दाचा शब्दशः अर्थ आहे बैल-घर. म्हणजे आपला गोठाच की! भिवंडीच्या उर्दू शाळेतले मूल 'अलिफ, बे' म्हणते, तेही याच बैलाचे आणि याच घराचे नाव घेते. सिनाईतली ही अक्षरे पीट्री नावाच्या संशोधकाला इ.स. १९०५ मध्ये सापडली आणि गार्डिनर याने १९१६ मध्ये त्यांतला एक शब्द लावला. तो शब्द होता 'बालत', म्हणजे स्वामिनी, देवी.

आता परत आपल्या मुलखात येऊ. वज्रेश्वरीच्या पश्चिमेला, वसईच्या बाजूला, सोपारा आहे, म्हणजे आजचे नालासोपारा. एके काळी हे मोठे बंदर होते. इ.स. १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांना तिथे एक फुटका दगड मिळाला. त्यावर सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा होता. पुढे १९५६ मध्ये जवळच भुईगावला नवव्याचाही तुकडा मिळाला. म्हणजे सव्वादोन हजार वर्षांपूर्वी आपल्या या किनाऱ्यावर राजाची आज्ञा लिहून लावलेली होती आणि ती वाचणारे कोणीतरी होते. त्या आठव्या लेखाचा आशय ऐकण्यासारखा आहे. पूर्वीचे राजे शिकारीसाठी आणि मौजेसाठी यात्रा काढीत; मी धर्मयात्रा काढतो, साधुसंतांना आणि वृद्धांना भेटतो, खेड्यापाड्यांतल्या लोकांशी बोलतो, असे अशोक त्यात सांगतो. यात्रेच्या वाटेवरच्या मुलखात हा दगड निघावा, ही गंमतच म्हणायची.

या दगडावरची लिपी ब्राह्मी. ती इथल्या लोकांनीच घडवली, की पश्चिमेकडच्या अरमाईक लिपीवरून तिची कल्पना घेतली, यावर विद्वानांत अजून एकमत नाही. त्या वादात आज शिरायला नको. ती आपल्या नागरीची पूर्वज आहे, यावर मात्र कोणाचेही दुमत नाही. हाताशी पाटी असेल तर काढून बघा. अधिकचे चिन्ह काढा, तो ब्राह्मीतला 'क'. नुसती उभी रेघ म्हणजे 'र'. उजवीकडे उघडे असलेले अर्धे कडे म्हणजे 'ट', आणि पुरे गोल कडे म्हणजे 'ठ'. राज्ये आली आणि गेली, दगडाची छिन्नी जाऊन बोरू आला, बोरू जाऊन छापखान्याचा खिळा आला, पण आपला ठ गोलचा गोलच राहिला. 'क'चे मात्र पुष्कळ झाले. आडव्या रेघेची टोके खाली वाकली, एका बाजूला गाठ बसली, डोक्यावर रेघ आली, तेव्हा कुठे आजचा क तयार झाला. दक्षिणेत ताडपत्रावर टोकदार लोखंडी लेखणीने कोरून लिहीत. सरळ रेघ ओढली तर पान चिरायचे, म्हणून तिकडची अक्षरे वाटोळी झाली असे सांगतात. कानडी, तेलुगू ही आपलीच भावंडे, फक्त पान निराळे मिळाले.

ही ब्राह्मी पुढे कोणालाच वाचता येईना, ही गोष्ट मला या सगळ्या इतिहासात सर्वांत चटका लावणारी वाटते. चौदाव्या शतकात फिरोजशहा तुघलकाने अशोकाचे दोन स्तंभ मोठ्या खटाटोपाने दिल्लीला आणवले आणि वरचा मजकूर वाचायला पंडितांना बोलावले. एकालाही अक्षर लागेना. ज्या देशाने ती लिपी वापरली, त्याच देशाला ती परकी झाली होती! शेवटी कलकत्त्याच्या टांकसाळीतला अधिकारी जेम्स प्रिन्सेप याने १८३७ मध्ये कोडे सोडवले. सांचीच्या स्तूपाच्या कठड्यांवर पुष्कळ लहान लहान लेख आहेत. त्याच्या ध्यानात आले की, यांतले बहुतेक लेख त्याच दोन अक्षरांनी संपतात आणि शेवटी एक टिंब आहे. आपल्याकडे देवळाच्या फरशीवर काय लिहितात? अमक्याने दिली म्हणून. मग हा शब्द 'दानं' असला पाहिजे! द मिळाला, न मिळाला, अनुस्वार मिळाला, आणि त्या तीन किल्ल्यांनी बाकीची कुलपे भराभर उघडली. सोपाऱ्याचा दगड १८८२ मध्ये सापडला तेव्हा तो वाचता आला तो यामुळेच.

अक्षरांचे रूप बदलत गेले. त्यांचा क्रम मात्र आपल्याकडे फार जुना आहे. रोमन अक्षरांत ए नंतर बी का, याला उच्चाराचे काहीच कारण देता येत नाही. आपला क्रम वेदांचे उच्चार शुद्ध राखणाऱ्या जुन्या आचार्यांनी तोंडाचा अभ्यास करून लावलेला आहे. क, च, ट, त, प असे सावकाश म्हणून बघा. आवाज घशाजवळ निघतो, मग टाळूवर येतो, मग जीभ मागे वळते, मग दातांना लागते आणि शेवटी ओठ मिटतात. तोंडासमोर तळहात धरून आधी क म्हणा आणि मग ख म्हणा. ख ला वाऱ्याचा झोत हाताला लागेल. मुलांना हे करून दाखवले की वर्णमाला घोकावी लागत नाही. राज्य शासनाने २००९ मध्ये ठरवलेल्या वर्णमालेत, इंग्रजी शब्दांसाठी घेतलेले ॲ आणि ऑ धरून, बावन्न वर्ण मोजतात. वज्रेश्वरीच्या देवळाला पायऱ्याही बावन्नच. जवळपासच्या शाळांनी सहल नेली तर दर पायरीला एक वर्ण म्हणवून घ्यायला हरकत नाही. अर्थात धाप लागेल, आणि धाप लागलेल्या मुलाचा क सुद्धा ख होईल!

तरी लिपी म्हणजे भाषा नव्हे. 'चंद्र' आणि 'चांदणे' या दोन शब्दांतला च वेगळा उच्चारतो, लिहितो मात्र एकच. आपल्या भागातल्या वारली किंवा कातकरी घरातले मूल जे आवाज घेऊन शाळेत येते, तेही याच बावन्न घरांत बसवावे लागतात. ते मूल अडखळते तेव्हा दोष त्याच्या बुद्धीचा नसतो, एवढे शिक्षकांनी ध्यानात ठेवले तरी पुष्कळ झाले.

पुढची वाट जरा झपाट्याने चालू. खाडीपलीकडे कान्हेरीच्या लेण्यांत ब्राह्मी लेख आहेत, आणि तिथल्याच एका लेण्यात इ.स. १००९ आणि १०२१ मध्ये पाहायला आलेल्या पारशी मंडळींनी पहलवी लिपीत आपली नावे कोरून ठेवली आहेत. भिंतीवर नाव लिहिण्याची खोड फार जुनी म्हणायची. वसईच्या किल्ल्यात पोर्तुगीजांच्या थडग्यांवर रोमन अक्षरे आहेत. आणि खुद्द भिवंडी तालुक्यात नागरी आहे. शिलाहार राजा अपराजित याने शके ९१९ मध्ये, म्हणजे इ.स. ९९७ मध्ये, भादाणे गाव दान दिल्याचा ताम्रपट प्रसिद्ध आहे. लोनाडजवळ चौधरपाड्याला केशिदेव राजाचा शके ११६१ चा शिलालेख आहे.

शिलाहारांच्या या काळात कोकणात दानाच्या जमिनीवर गद्धेगाळ उभारीत. वर चंद्रसूर्य, मध्ये लेख आणि खाली गाढवाचे चित्र असलेली शिवी. ही शिवी अशी की, ती इथे बोलून दाखवता येणार नाही. चंद्रसूर्य आहेत तोवर हे दान चालावे आणि मोडील त्याचे तसे होवो, असा अर्थ. वाचता येणाऱ्याला मधला लेख, न येणाऱ्याला खालचे चित्र. रायगड जिल्ह्यातल्या अक्षीच्या लेखाची मिती शके ९३४, म्हणजे इ.स. १०१२, अशी वाचली गेली आहे आणि तो मराठीतल्या अगदी जुन्या लेखांत गणला जातो. तोही गद्धेगाळच.

आता मोडी. वसईच्या मोहिमेत चिमाजी आप्पांनी वज्रेश्वरीला नवस केला आणि १७३९ मध्ये वसई घेतल्यावर देऊळ बांधवले, ही हकीकत आपण जाणताच. त्या काळचा सगळा कारभार मोडीत चाले. हेमाडपंताने ती चालू केली असे परंपरा सांगते. काही अभ्यासकांना ते मान्य नाही. कारकुनाला घाई असते. म्हणून आधी कागदभर आडव्या रेघा ओढून घ्यायच्या आणि मग हात फारसा न उचलता बोरूने अक्षरे त्यांना लटकवत जायचे. शब्दांत अंतर नाही, ऱ्हस्वदीर्घाचा विचार नाही. पोथीसाठी बालबोध आणि दप्तरासाठी मोडी, अशी शेकडो वर्षांची वाटणी होती. विसाव्या शतकाच्या मध्याच्या सुमारास मोडी शाळांतून गेली. छापायला ती गैरसोयीची, मुलांवर दोन लिप्यांचा भार, ही कारणे खोटी नव्हती. पण त्यामुळे आजोबांची सही नातवाला वाचता येईना. तुघलकाच्या दरबारातल्या पंडितांची जी अवस्था झाली, ती आपल्या घरात दोन पिढ्यांत झाली.

हा केवळ हळहळीचा प्रश्न नाही. जमिनीची जुनी खतपत्रे, गहाणखते, गावच्या जन्ममृत्यूच्या नोंदी मोडीत आहेत. २०२३ मध्ये राज्यात कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा कचेऱ्याकचेऱ्यांतून मोडी वाचणाऱ्यांची शोधाशोध करावी लागली. २०१४ मध्ये संगणकाच्या जागतिक अक्षरसंचात मोडीला जागा मिळाली आहे. राज्याचे पुराभिलेख खाते मोडीचे वर्गही घेते. चार-सहा महिने रोज अर्धा तास दिला तर मराठी जाणणाऱ्याला वळणदार मोडी लागू लागते. एखाद्या तरुण शिक्षकाने मनावर घेतले तर आठ-दहा गावांची सोय होईल.

तोवर घरात ट्रंकेत किंवा माळ्यावर असे कागद असतील तर ते ओलीला ठेवू नका, फाटले म्हणून चिकटपट्टी लावू नका आणि 'जुना कचरा' म्हणून नदीत सोडू नका. आणि एकदा तो कागद उजेडात धरून त्याचा शेवट बघा. तिथे साक्षीदारांच्या निशाण्या असतात. कुळकर्ण्याची लेखणी-दौत, आणि अक्षर न येणाऱ्या शेतकऱ्याच्या नावापुढे काढलेला लहानसा नांगर. सिनाईच्या खाणीत कोणीतरी बैलाचे डोके काढले होते. आपल्याकडे त्या बैलामागचा नांगर सहीला आला, आणि कचेरीत तो चालत असे.